पान त्रेसष्ट, पान चौसष्ट

“माणूस रडत आला तर पाणी द्यायचं, चिडून आला तर चहा. दोन्ही एकदम करत आला तर मला हाक मारायची.”

सत्यशीलाताईंनी पहिल्याच दिवशी दिलेली ही सूचना रामहरीच्या कानात अजून जशीच्या तशी होती. एसटीत एकतीस वर्षं कंडक्टरकी केलेल्या माणसाला सूचना पाठ व्हायला वेळ लागत नाही. ती कधी लागू करायची, हे कळायला मात्र लागतो. म्हणून बुधवारी सकाळी धापा टाकत जिना चढून आलेल्या म्हाताऱ्याला त्यानं आधी पाणी दिलं, मग चहा सांगितला, आणि मग आठवण होऊन आत हाक मारली.

सत्यशीलाताई राहुरीत पिठाच्या गिरणीच्या वर खासगी चौकशीचं कार्यालय चालवत. पोस्टमास्तर म्हणून निवृत्त झाल्यावर महिनाभर घरी बसून बघितलं, जमलं नाही, आणि त्यांनी ही पाटी लावली. कामं बहुतेक लग्नाआधीच्या चौकश्यांची. मुलगा पितो का, मुलीकडच्यांची विहीर खरंच आहे का. रामहरी त्यांचा मदतनीस, स्कूटर चालवणारा, आणि त्याच्या स्वतःच्या मते उजवा हात.

म्हातारा निघाला कोल्हारचा रंगनाथ फोटोवाला. वय एकोणऐंशी. लग्नाचे आणि ओळखपत्राचे फोटो त्यानं पोटापुरते काढले. बाकी चाळीस वर्षं गावोगाव हिंडून माणसं टिपली. उसाच्या फडातली, धरणाच्या भिंतीवरची, बाजारात हातपाय पसरून बसलेली. तीन वर्षांपूर्वी त्यांतल्या निवडक फोटोंचं पुस्तक निघालं, ‘समोरची माणसं’. दोनशे प्रती काढल्या आणि सगळ्या वाचनालयांना, ओळखीच्यांना वाटल्या. आता खुद्द रंगनाथरावांच्या कामावर राहुरीच्या सम्राट सरांनी दुसरं पुस्तक लिहिलं होतं. येत्या रविवारी कोल्हारला त्याचं प्रकाशन होतं.

“आणि कुणीतरी माझ्या पुस्तकातलं पान कापतंय,” रंगनाथराव म्हणाले. “एकच पान. चौदा प्रतींतलं तेच. राहुरी, लोणी, अकोले, सगळीकडं.”

मग ते थोडे रडले आणि थोडे चिडले. म्हणणं असं, की माणसाचं नाव, गाव, वय लिहून घेतल्याशिवाय त्यांनी कधी बटण दाबलं नाही. पुढं तो माणूस वारल्याचं कळलं तर तेही वहीत लिहिलं. चाळीस वर्षांत एकाची नोंद चुकली नाही. तरी कुणाला तरी तो फोटो इतका लागला, की ब्लेड घेऊन हिंडावं.

“मी कुणाचं मन दुखावलं, ते कळेपर्यंत माझ्यावरचं पुस्तक मी हातात धरणार नाही. प्रकाशन रद्द. उरलेलं आयुष्य मग मी हाच विचार करत बसणार.”

त्यांची स्वतःची प्रत शाबूत होती. ती त्यांनी टेबलावर उघडली. पान त्रेसष्ट. कोल्हारच्या बाजारात कांद्याच्या गोण्यांवर सहादेव पैलवान आ वासून झोपलेला, मिशीवर माशी. रामहरीनं ती माशी बघितली आणि मनातल्या मनात आरोपी बेड्या घालून उभा केला.

ताईंनी पान उलटलं. मागं पान चौसष्ट. पदर कपाळापर्यंत ओढलेली एक बाई, डोळे बारीक केलेले, कडांना पाणी. खाली छापलं होतं, ‘केशरबाई, तालुका अकोले. निधन १९९०.’ पुस्तकाच्या पहिल्या भागात हयात माणसं होती, दुसऱ्यात गेलेली. दुसरा भाग केशरबाईंपासून सुरू होत होता.

“एका पानाला दोन बाजू असतात, रामहरीभाऊ,” ताई म्हणाल्या.

रामहरीनं मान हलवली. यात न कळण्यासारखं काय होतं, ते त्याला कळलं नाही.

गुरुवारी ते आधी वाचनालयात गेले. ग्रंथपालानं कपाटातली प्रत काढून दिली. ताईंनी डोळ्यांना चष्मा लावला आणि शिवणीपाशी बोट फिरवलं. पान मुळापासून उपटलेलं नव्हतं. कागदाची बोटभर पट्टी आत ठेवून, मोजपट्टी धरून सरळ कापलेलं होतं. त्यांनी पुस्तक हलवून बघितलं. एकही पान सुटलं नाही.

हे पुस्तक गेल्या चार महिन्यांत कुणी मागितलं, यावर ग्रंथपालानं बरंच काही सांगितलं. एक विद्यार्थी, जो वाचनालयात फक्त झोपायला येतो. एक निवृत्त मास्तर, जे शब्दकोडं सोडवून वर्तमानपत्र बाद करतात. सोमवारचा उपास असलेल्या एक आजी, ज्या पाणी मागायला आल्या, पंखा बघून टेकल्या, चित्रं चाळली आणि चुरम्याचा प्रसाद ठेवून गेल्या. आणि सम्राट सर, जे आठवड्यातून तीनदा येतात आणि ज्यांनी पान गेल्याचं पहिल्यांदा पाहिलं. चुरमा उरलाय का, असं रामहरीनं विचारून घेतलं. उरला नव्हता.

तिथून कोल्हार. सहादेव पैलवान माजी सरपंच होता आणि तीन वर्षांपूर्वी भर सभेत म्हणाला होता, की हे पान मी फाडून टाकणार. रामहरीनं प्रश्न विचारायच्या आधी ओट्यावरची काठी हळूच लांब सरकवली.

पैलवानानं काचेच्या कपाटातून स्वतःची प्रत आणली. तीही कापलेली.

“पहिल्यांदा लई हसायचे लोक, म्हून बोललो. मग नातीच्या सोयरिकीला पावणे आले, त्यांनी फोटू बघिटला आन म्हन्ले, एवढा निवांत झोपनारा मानूस कुनाचं वाईट करीत नसंल. सोयरीक तितंच जमली. आता येईल त्याला मी आदी पान दाखवीतो, मंग च्या. फ्रेम करनार हुतो त्याची.”

घरात कोण कोण येतं, असं ताईंनी विचारलं. वायरमन, दूधवाला, पोराचे दोस्त, आणि दर सोमवारी बायकोकडं पोथी ऐकायला आळीतल्या बाया. रामहरीनं वायरमनचं नाव लिहून घेतलं. वायरमनकडं पक्कड असते, ब्लेडही असू शकतं.

परत राहुरीत येऊन सम्राट सर. त्यांचं पुस्तक छापून तयार होतं आणि त्यातली बावीस पानं एकट्या केशरबाईंवर होती. प्रकरणाचं नाव ‘येऊ घातलेलं मरण’. केशरबाईंच्या डोळ्यांत मृत्यूची चाहूल कशी दिसते, ती चाहूल कॅमेऱ्याला कशी कळली, आणि वर्षभरात ती खरी कशी ठरली, हे सरांनी उभं राहून, हात हलवून सांगितलं.

रामहरीला एकदम उजेड पडला. पहिल्या पुस्तकातली पानं गेली, की तो फोटो बघायला सगळे सरांचं पुस्तक घेणार. त्यानं हे तोंडावरच बोलून दाखवलं. सर दुखावले. म्हणाले, माझ्या पुस्तकात ठिकठिकाणी ‘पाहा, पान चौसष्ट’ असं छापलंय. ते पानच नसेल तर वाचकानं पाहायचं काय, माझं डोकं?

शुक्रवारी रंगनाथरावांचं घर. दार त्यांच्या पत्नीनं, सुमनबाईंनी उघडलं. वय शहात्तर, अंगानं काटक, कपाळाला भस्माची बारीक रेघ. देव्हाऱ्यात महादेवाची पिंड, शेजारी कापडात बांधलेली पोथी. पलीकडच्या फळीवर पोलादी पट्टी, ब्रश आणि चिकटवायच्या खळीची बरणी. नवऱ्यानं फोटो काढायचे आणि हिनं अल्बम बांधायचे, असा संसार झाला होता.

रंगनाथराव जेवायला तयार नव्हते. सुमनबाईंनी पाहुण्यांना आग्रहानं वाढलं. वाढता वाढता म्हणाल्या, “प्रकाशन राहिलं तर राहू द्या. यांना दगदग सोसत नाही. पुस्तक काय, पुढंमागं होईल.” इतक्या समाधानानं म्हणाल्या, की रामहरीनं तिसरी भाकरी घेतली.

ताईंनी पुस्तकाच्या प्रती कुणाकुणाला दिल्या त्याची यादी मागितली. ती सुमनबाईंच्याच अक्षरात होती. मग फोटोंची वही. केशरबाईंच्या नावासमोर एक पोस्टकार्ड चिकटवलेलं होतं. ‘आमची बहीण केशरबाई काल देवाघरी गेली. कळावे.’ खाली भावाचं नाव. बास. ताई त्या कार्डाकडं बराच वेळ बघत राहिल्या.

“रामहरीभाऊ, तुमच्या लहानपणी घरी असं कार्ड यायचं तेव्हा काय व्हायचं?”

त्यानं सांगितलं, आईला वाचता यायचं नाही. पण कार्डाचा एक कोपरा फाडलेला दिसला, की ती पोस्टमनच्या समोरच रडायला लागायची. मग कुणीतरी दहावा कधी ते वाचून दाखवायचं, आणि कार्ड फाडून टाकायचं. असलं कार्ड घरात ठेवायचं नसतं.

“पन रंगनाथरावांनी बघा कसं जपलंय,” तो कौतुकानं म्हणाला. “फाटका कोपरा बी सांधून घेतलाय. वळखू येत न्हाई.”

परतीच्या वाटेवर ताईंनी स्कूटर थांबवायला लावली आणि अकोल्याच्या बाजूच्या कुणा जुन्या पोस्टमास्तरला फोन केला. रामहरीला एवढंच ऐकू आलं, “तुमच्याकडं दर महिन्याला पगार न्यायला कोण कोण म्हाताऱ्या येतात?” निराधारांचा पगार आणि पुस्तकाचं पान, यांचा संबंध लावता लावता त्याला पुढचा गतिरोधक दिसला नाही.

सावरून झाल्यावर तो म्हणाला, “ताई, चोर गाडीवाला असनार. एका पानासाठी तिकीट काढून लोणी, अकोलं, राहुरी कोन हिंडंल? आमच्या एसटीत फुकट कोन बसतं? आमदार आन पंच्याहत्तरीच्या पुढची म्हातारी.”

“रामहरीभाऊ, तुम्ही नसता तर मला हे काम जमलं नसतं,” ताई म्हणाल्या. तो राहुरी येईपर्यंत खूष होता.

शनिवारी दुपारी रंगनाथरावांच्या घरी सगळे जमले. सम्राट सर वही घेऊन आले होते, पैलवान कापलेली प्रत घेऊन. सुमनबाई चहाचे कप मांडत होत्या.

“आपण सगळे त्रेसष्टाव्या पानात अडकलो,” ताईंनी सुरुवात केली. “माशीच्या रागानं कुणी पान कापलं, असं वाटलं. पण पैलवानांना तर ते पान हवं होतं. मग कापणाऱ्याला चौसष्टावं नको असणार. केशरबाई नको असणार. का? ते नंतर. आधी कोण ते बघू.

“शिवलेल्या पुस्तकातलं एक पान मुळापासून काढलं, की त्याचं जोडीदार पान सुटतं. कापणाऱ्यानं बोटभर पट्टी ठेवली. म्हणजे त्याला बांधणी कळते. आणि पुस्तकाची त्याला काळजी आहे. राग असलेला माणूस शेजारच्या पानाला जपत नाही. हे प्रेमानं कापलेलं पान आहे.”

पैलवानानं पट्टीवरून बोट फिरवून बघितलं.

“दुसरं. प्रती कुणाकुणाच्या घरी आहेत हे फक्त यादी बघितलेल्याला ठाऊक. तिसरं. वाचनालयात सोमवारी उपाशी आलेल्या आजींनी चुरमा दिला. गव्हाचा चुरमा सोळा सोमवारच्या व्रतात करतात. पैलवानांच्या घरीही सोमवारीच बाया जमतात. चौथं रामहरीभाऊंनी सांगितलं. पंच्याहत्तरीच्या पुढच्यांना एसटी फुकट आहे. आणि पाचवं. कापणारा सगळीकडं गेला, फक्त या घरी आला नाही. कारण इथलं पुस्तक मालक रोज उघडून बघतात. इथलं कापलं असतं तर पहिल्याच दिवशी बोंब झाली असती.”

रामहरीनं देव्हाऱ्याकडं बघितलं, मग फळीवरच्या पट्टीकडं, मग सुमनबाईंकडं. तीन भाकरी खाल्ल्या होत्या त्यानं या घरात.

सुमनबाईंनी शेवटचा कप बशीत ठेवला.

“चौदा नव्हेत,” त्या हलक्या आवाजात म्हणाल्या. “सदतीस. बाकीच्यांनी पुस्तक अजून उघडलंच नाही.”

त्यांनी पोथीचं कापड सोडलं. पोथीखाली पानं नीट रचून ठेवली होती. चार महिन्यांपूर्वी एका सोमवारी त्या भंडारदऱ्याच्या बाजूला महादेवाच्या दर्शनाला गेल्या होत्या. रांगेत पुढं एक म्हातारी उभी होती. तिनं मागं वळून बघितलं आणि सुमनबाईंच्या हातातला बेल खाली पडला. हा चेहरा त्यांनी स्वतःच्या हातांनी अल्बमात चिकटवला होता. नाव विचारलं, तर केशरबाई. गाव तेच.

“यांनी जिवंत बाईला मेलेली छापलं होतं,” त्या म्हणाल्या. “एकाचीही नोंद चुकली नाही, यावर यांचा सगळा जीव. या वयात कुठल्या तोंडानं सांगू? त्यात सरांनी बावीस पानं लिहिलेली. मी देवाला म्हटलं, सोळा सोमवार करते, दर सोमवारी जमतील तेवढी पानं काढते. फाडली नाहीत हो एकही. माणसाचा फोटो आहे.”

रंगनाथराव खुर्चीत खचले होते. “म्हणजे चूक माझीच,” ते म्हणाले.

“नाही,” ताई म्हणाल्या. “कावळ्याची.”

त्यांनी वहीतलं कार्ड सगळ्यांसमोर धरलं. मरणाचं कार्ड असून चारी कोपरे शाबूत. कुणी सांधलेले नाहीत, मुळात फाडलेच नव्हते. दहाव्याचा दिवस लिहिलेला नाही, कारण दहावा होणारच नव्हता. पोस्टात ताईंच्या हातून अशी कार्डं गेली होती. कुणाच्या डोक्याला कावळा शिवला, की घरचे घाबरतात आणि चार ठिकाणी मेल्याची खोटी बातमी धाडतात. लोक रडले की संकट टळलं, असं मानायचं. पण कोपरा फाडायचा धीर होत नाही, न जाणो खरंच व्हायचं. पंधरा दिवसांनी दुसरं कार्ड येतं, माणूस खुशाल आहे म्हणून.

“माझा स्वतःचा कावळ्यावर विश्वास नाही. टपालावर आहे,” ताई म्हणाल्या. “पहिलं कार्ड घरात ज्यांचे ज्यांचे पत्ते होते त्यांना गेलं, त्यात तुम्हीही होतात. दुसरं फक्त सोयऱ्यांना गेलं. तुम्ही आलेलं पत्र खरं मानून लिहिलंत, एवढंच. मी काल त्या गावच्या पोस्टात विचारलं. केशरबाई दर महिन्याला स्वतः चालत येऊन अंगठा देतात, आणि उशीर झाला तर पोस्टमास्तरला बोलतात.”

पोस्टातून मिळालेल्या नंबरावर ताईंनी केशरबाईंच्या नातीला, निकिताला व्हिडिओ कॉल लावला. पडद्यावर आधी छप्पर दिसलं, मग कुणाचा तरी कान, मग चौसष्टावं पान, पस्तीस वर्षांनी आणखी सुरकुतलेलं.

निकितानं आजीला सगळं ओरडून समजावलं. दोनशे पुस्तकांत तुला मेलेली छापलंय, आणि या आजींनी ती पानं कापलीत. सुमनबाईंनी पडद्यासमोर हात जोडले. केशरबाई मात्र भडकल्या.

“कापली कशापायी? एका कार्डानं मी नव्वदीला पोचले. दोनशे बुकांत छापलंय म्हनल्यावर यम दारात यायचा न्हाई. कुनी सांगिटलं हुतं तुला कापायला? चिकटीव परत.”

“चिकटवते,” सुमनबाई म्हणाल्या. बोटभर पट्टी त्यासाठीच ठेवली होती, हेही त्यांनी हळूच सांगितलं. सोळा सोमवारांच्या पुढं आता सदतीस ठिकाणं पुन्हा आली.

सम्राट सरांना राहवलं नाही. पुढं होऊन त्यांनी विचारलं, की फोटोच्या वेळी तुमच्या डोळ्यांत जे दिसतं, ते नेमकं काय होतं.

“चूल पेटत नव्हती,” केशरबाई म्हणाल्या. “धूर गेल्ता.”

सरांनी वही मिटली. बावीस पानं नव्यानं लिहायची तर प्रकाशन दिवाळीच्या आत होत नाही, असं ते स्वतःशीच म्हणाले. पैलवान इतका हसला, की कप सांडला.

रंगनाथराव हसले नाहीत. ते बायकोकडं बघत होते. “माझ्यासाठी एवढी हिंडलीस?” त्यांनी विचारलं.

“एसटी फुकट आहे,” सुमनबाई म्हणाल्या आणि सांडलेला चहा पुसायला वाकल्या.

फोन अजून चालू होता. केशरबाईंनी तो फोटोवाला कुठाय म्हणून विचारलं. रंगनाथराव पुढं झाले. म्हातारीनं त्यांना बराच वेळ निरखलं.

“म्हातारा झालास रं. फोटू हातात आनून दीन म्हन्ला हुतास. मी पोरीबाळींना सांगत बसले, येनार म्हून. का न्हाई आलास?”

“तुम्ही गेल्या असं कळलं होतं, बाई.”

“मी कुटं जाती? हितंच हाय.”

रंगनाथरावांनी मान हलवली. मान हललेली म्हातारीला दिसली असावी, कारण ती म्हणाली, “ये मंग.” आणि फोन कट झाला.

रविवारी सकाळी रामहरी भगवतीच्या दर्शनाला कोल्हारला आला होता. प्रकाशन नव्हतं, पण पेढे तरी घेऊन जावेत, असा विचार. स्टँडवर संगमनेरची गाडी उभी होती, पुढं अकोल्याला जायला तीच बरी पडते. खिडकीजवळ रंगनाथराव बसले होते. अंगात इस्त्रीचा सदरा, मांडीवर वर्तमानपत्रात गुंडाळलेलं चौकोनी पुडकं, दोन्ही हातांनी उभं धरलेलं, वाकू नये म्हणून.

रामहरीनं हाक मारायला तोंड उघडलं आणि मिटलं. कंडक्टरनं घंटी दिली.